टपालाची बोट, सहलीची बोट

२०२५ च्या जुलैमध्ये 'अ‍ॅस्टोरिया' नावाची एक म्हातारी बोट रॉटरडॅमहून ओढून बेल्जियममधल्या घेंटच्या भंगारखान्यात नेली गेली. तिचं मूळ नाव 'स्टॉकहोम'. स्वीडनमधल्या गोथेनबर्गच्या गोदीत बांधलेली ही बोट १९४८ मध्ये गोथेनबर्ग–न्यूयॉर्क मार्गावर धावू लागली. जुलै १९५६ मध्ये अमेरिकेच्या किनाऱ्याजवळ धुक्यात तिची 'आंद्रेआ डोरिया' या इटालियन बोटीशी टक्कर झाली. 'डोरिया' बुडाली. 'स्टॉकहोम' नाक चेपलेल्या अवस्थेत, वाचलेल्या शेकडो उतारूंना घेऊन, स्वतःच्या इंजिनांवर न्यूयॉर्कला पोचली. बोटींच्या इतिहासाची बहुतेक पुस्तकं तिची गोष्ट इथेच संपवतात.

तिची गोष्ट तेव्हा कुठे सुरू झाली होती. १९६० मध्ये पूर्व जर्मनीने ती विकत घेतली आणि पंचवीस वर्षं तिच्यावरून कामगार संघटनेच्या सभासदांना सहलीला नेलं. पुढे इटलीत तिचा पोलादी सांगाडा तेवढा ठेवून आतलं सगळं नवं बसवलं गेलं, आणि १९९४ पासून ती पुन्हा समुद्रात आली. त्यानंतर मालक बदलले, नावं बदलली, पण २०२० पर्यंत ती चालत राहिली. अटलांटिकच्या नेमक्या मार्गावर तिने १२ वर्षं काढली आणि सहलीच्या धंद्यात जवळजवळ ५०.

हा हिशेब तिच्या एकटीचा नाही. फ्रान्सचा मानबिंदू असलेली 'फ्रान्स' लाइनर म्हणून १२ वर्षं चालली आणि 'नॉर्वे' या नावाने क्रूझ जहाज म्हणून २३ वर्षं. 'एम्प्रेस ऑफ कॅनडा' दहा वर्षांत निकामी ठरली. तीच बोट 'मार्डी ग्रा' होऊन दोन दशकांहून जास्त काळ सहली करत होती. तरीही या बोटींवर लिहिताना पहिलं आयुष्य वैभवाचं आणि दुसरं उतरत्या कळेचं, अशीच मांडणी होत आली आहे. प्रस्तुत पुस्तक ती मांडणी नाकारतं. या बोटींनी सर्वांत जास्त काम कधी केलं, ते कोणी केलं आणि कशाच्या जोरावर केलं, हे त्याला शोधायचं आहे.

विषयाशी नव्याने ओळख होणाऱ्या वाचकासाठी आधी मुळातला फरक. लाइनर म्हणजे ठरलेल्या दिवशी सुटून ठरलेल्या दिवशी पलीकडच्या बंदरात पोचणारी बोट. टपाल, माल, स्थलांतरित, सरकारी अधिकारी, धनिक, सगळे तिच्यावर असत, आणि वादळ आहे म्हणून वेळापत्रक चुकवणं तिला परवडत नसे. म्हणून तिचं कवच जाड, नाक लांब आणि निमुळतं, इंजिनं गरजेपेक्षा ताकदवान, आणि पाण्याखालचा भाग खोल. आत वर्गवारी कडक: पहिल्या वर्गाचे जिने, जेवणघर आणि डेक वेगळे, तिसऱ्याचे वेगळे. क्रूझ जहाज जिथून सुटतं तिथेच परत येतं. त्याला घाई नसते. त्याला हवी असते उन्हात पसरलेली मोकळी डेक, पोहण्याचा तलाव, प्रत्येक खोलीला न्हाणीघर, वातानुकूलन आणि छोट्या बेटांजवळच्या उथळ पाण्यात शिरण्याची सोय. एका कामासाठी बांधलेली वस्तू जवळजवळ उलट्या कामाला लावायची, हा या विषयाचा गाभा आहे.

याची सुरुवात विमानांच्या कितीतरी आधी झाली. हिवाळ्यात उत्तर अटलांटिकवर उतारू घटत आणि महागड्या बोटी बंदरात बसून राहत. हॅम्बुर्ग-अमेरिका कंपनीच्या अल्बर्ट बालिनने जानेवारी १८९१ मध्ये 'ऑगस्टा व्हिक्टोरिया' ही अटलांटिकची बोट सुमारे दोन महिन्यांच्या भूमध्य सागरी सहलीवर पाठवली. हा प्रयोग यशस्वी ठरला. त्याच कंपनीची 'डॉइचलांड' १९०० मध्ये वेगाचा विक्रम करून गेली, पण ती इतकी थरथरत असे आणि इतका कोळसा खात असे की दहा वर्षांतच तिची यंत्रशक्ती घटवून, अंगाला पांढरा रंग देऊन, 'व्हिक्टोरिया लुइजे' या नावाने तिला सहलींवर काढण्यात आलं. वेगवान बोटीची यंत्रं कमी करून तिला संथ करण्याचा हाच उपाय ७० वर्षांनी पुन्हा वापरला गेला. त्या दुसऱ्या वेळेकडे पुढे यायचंच आहे.

दोन महायुद्धांमधल्या काळात अमेरिकेने स्थलांतरावर बंधनं घातली, मग मंदी आली, आणि रिकाम्या केबिन भरण्यासाठी बऱ्याच कंपन्यांनी सहली काढल्या. दारूबंदीच्या वर्षांत तर न्यूयॉर्कहून निघून अमेरिकेची सागरी हद्द ओलांडली की बार उघडायचा, एवढ्यावर छोट्या सहली भरत. पण तोपर्यंत सहल हा जोडधंदा होता.

ऑक्टोबर १९५८ मध्ये तो मुख्य धंदा होणार हे नक्की झालं. त्या एका महिन्यात आधी ब्रिटिश 'कॉमेट' आणि मग पॅन अ‍ॅमचं 'बोइंग ७०७' अशी दोन जेट विमानं अटलांटिकवर नियमित उडू लागली. पाच दिवसांचा प्रवास काही तासांवर आला. नुकत्याच बांधलेल्या, अजून कर्ज न फिटलेल्या बोटींचं करायचं काय, हा प्रश्न युरोपातल्या प्रत्येक जहाज कंपनीसमोर उभा राहिला. त्याची जी उत्तरं निघाली त्यांना पंथ म्हणायला हरकत नाही.

पहिला पंथ दूरदर्शी बांधणीचा. ब्रिटिश 'कुनार्ड' कंपनीने १९४९ मध्येच 'कॅरोनिया' प्रामुख्याने सहलींसाठी बांधली होती. हॉलंड-अमेरिका कंपनीच्या १९५९ च्या 'रॉटरडॅम'मध्ये दोन वर्गांचे जिने एकमेकांत गुंफलेले होते. सरकते पडदे हलवले की दोन वर्गांची बोट एका वर्गाची होई. १९६९ ची 'क्वीन एलिझाबेथ २' पनामा कालव्यातून जाईल एवढीच रुंद ठेवली गेली. १९८६–८७ मध्ये तिची वाफेची यंत्रं काढून नऊ डिझेल इंजिनं बसवली आणि ती २००८ पर्यंत धावली. पुढचं आयुष्य आधीच ओळखून बांधलेल्या या बोटींपैकी शेवटच्या दोन सर्वांत सुखाने टिकल्या.

दुसरा पंथ ग्रीकांचा, आणि त्यांच्या कामाला अजून पुरेसं श्रेय मिळालेलं नाही. पिरेयसजवळच्या पेरामाच्या गोद्यांमध्ये इतरांनी टाकून दिलेल्या बोटी आणायच्या, माल ठेवायची कोठारं केबिनमध्ये बदलायची आणि जुनी यंत्रं कुशल हातांनी जिवंत ठेवायची, हे तिथलं तंत्र. खांद्रिस कुटुंबाने अमेरिकेची 'अमेरिका' घेऊन 'ऑस्ट्रेलिस' केली. मूळच्या दुपटीच्या आसपास उतारू तिच्यात मावू लागले. त्यांची 'ब्रिटॅनिस' १९३२ ची. ती मूळ टर्बाइनांवरच नव्वदच्या दशकापर्यंत सहली करत होती. साठ वर्षांची वाफेची यंत्रं, ज्यांचे सुटे भाग कुठेच मिळत नाहीत, रोज चालू ठेवणं म्हणजे काय हे ज्याने इंजिनखोली पाहिली आहे त्यालाच कळेल.

सोव्हिएत पंथ वेगळा. पूर्व जर्मनीत विस्मार इथे साठ-सत्तरच्या दशकांत बांधलेल्या पाच भावंडांपैकी 'अलेक्सांद्र पुश्किन' १९६६ पासून लेनिनग्राड–माँट्रियल मार्गावर होती. परकीय चलन मिळवण्यासाठी या बोटी पाश्चात्य सहल कंपन्यांना भाड्याने दिल्या जात. बर्फाला तोंड देणारं कवच आणि वाफेऐवजी डिझेल, या दोन गुणांनी 'पुश्किन' तरली. नव्वदच्या दशकात ती ग्रीसमध्ये नवं रूप घेऊन 'मार्को पोलो' झाली आणि अंटार्क्टिकापर्यंत जाऊ लागली.

आणि मायामी. टेड ॲरिसनने १९७२ मध्ये 'एम्प्रेस ऑफ कॅनडा' घेऊन 'मार्डी ग्रा' केली. पहिल्याच फेरीत ती मायामीबाहेर वाळूत रुतली. पैसा तुटपुंजा, इंधन महाग. मग बोट हळू चालवायची, बंदरं कमी घ्यायची आणि करमणूक बोटीवरच द्यायची, असा मार्ग काढला गेला. गरजेतून निघालेली ही युक्ती आज साऱ्या क्रूझ उद्योगाची रीत आहे. ॲरिसनची, आज जगातली सर्वांत मोठी असलेली 'कार्निव्हल' क्रूझ कंपनी पहिली दहा वर्षं इतरांनी काढून टाकलेल्या लाइनरांवरच उभी होती, हे सांगितल्याशिवाय क्रूझचा इतिहास सुरूच करता येत नाही.

सगळी रूपांतरं साधली नाहीत. मूळची 'क्वीन एलिझाबेथ' खोल, अवाढव्य आणि उष्ण हवेसाठी अयोग्य होती. शेवटी हाँगकाँगमध्ये तरतं विद्यापीठ करण्याचं काम चालू असताना जानेवारी १९७२ मध्ये ती जळाली. १९६५ च्या 'मायकेलअँजेलो' आणि 'राफाएलो' या सुंदर इटालियन जोडीच्या खालच्या मजल्यांवरच्या केबिनना खिडक्याच नव्हत्या. समुद्र पाहायला आलेल्याला अशी खोली विकायची कशी? दोघी इराणमध्ये नौसैनिकांची तरती वसतिगृहं झाल्या.

'फ्रान्स'वर मात्र थांबायला हवं, कारण या विषयातले बहुतेक धागे तिच्यापाशी एकत्र येतात. सेंट-नाझेरच्या गोदीत बांधलेली, ३१५ मीटरहून लांब, चार पंख्यांची ही बोट ३ फेब्रुवारी १९६२ रोजी ल हाव्रहून न्यूयॉर्कला निघाली. ३० नॉटचा वेग तिला सहज जमे. १९७३ च्या तेलसंकटानंतर सरकारने अनुदान थांबवलं. सप्टेंबर १९७४ मध्ये कर्मचाऱ्यांनी बोटीचा ताबा घेऊन ल हाव्रची वाट अडवली, पण निर्णय फिरला नाही. चार-पाच वर्षं ती एका आडबाजूच्या धक्क्याला बांधलेली होती. १९७९ मध्ये नॉर्वेच्या क्नूट क्लोस्टरने ती १.८ कोटी डॉलरना घेतली आणि त्याच्या कित्येक पट रक्कम ब्रेमरहाफेनच्या गोदीत तिच्यावर खर्च केली.

त्या गोदीत जे झालं ते रूपांतराचा वस्तुपाठ आहे. जहाजाला लागणारी शक्ती साधारणपणे वेगाच्या घनाने वाढते. ३० नॉटऐवजी १७ वर समाधान मानलं तर ताकद पाचव्या हिश्श्यावर येते. म्हणून पुढची इंजिनखोली बंद झाली आणि चारपैकी दोन पंखे काढले गेले. टगबोटींवर अवलंबून न राहता धक्क्याला लागता यावं म्हणून पुढे-मागे आडवा धक्का देणारे थ्रस्टर बसले. थंड अटलांटिकसाठी बंदिस्त ठेवलेल्या बोटीच्या मागच्या बाजूला उघडा तलाव आणि प्रशस्त डेक आली. बंद प्रोमनाडला दुकानं लागली, एका बाजूला 'फिफ्थ अ‍ॅव्हेन्यू' आणि दुसऱ्या बाजूला 'शाँझेलिझे' अशी नावं पडली. पाण्याखाली जवळजवळ साडेदहा मीटर असल्याने बहुतेक बेटांच्या धक्क्याला ती लागू शकत नव्हती; तेव्हा पुढच्या डेकवर दोन मोठ्या लाँच बसवल्या, प्रत्येकीत सुमारे ४०० माणसं मावतील अशा, तोंडाकडचा दरवाजा पाडून थेट वाळूवर उतरवणाऱ्या. क्लोस्टरच्या कंपनीच्या स्वतःच्या छोट्या बेटावर, ग्रेट स्टिरप केवर, त्या घाण्याच्या बैलासारख्या राबत. जून १९८० मध्ये 'नॉर्वे' मायामीहून सुटली आणि जगातली सर्वांत मोठी क्रूझ बोट हा मान तिने कित्येक वर्षं मिरवला.

आठवड्याचं चक्र ठरलेलं होतं. शनिवारी सकाळी दोन हजार माणसं उतरायची, दुपारी दोन हजार चढायची. त्या मधल्या काही तासांत चादरी बदलायच्या, सामान हलवायचं, आठवड्याचं धान्य, मांस, फळं, दारू चढवायची, कचरा उतरवायचा. अटलांटिकवर असताना उतारू पाच दिवस राहून निघून जात. इथे दोन उतारूंमध्ये कर्मचाऱ्याला श्वास घ्यायलाही वेळ नव्हता. लाइनरच्या बांधणीत एवढ्या उलाढालीसाठी रस्ते नव्हते. अरुंद जिने, छोट्या लिफ्ट, दोन वर्गांमुळे दोन ठिकाणी विभागलेली जेवणघरं. बांधणीतली प्रत्येक उणीव कोणाच्या तरी पाठीवर पडत होती.

२५ मे २००३ रोजी मायामीच्या धक्क्याला लागलेल्या 'नॉर्वे'चा एक बॉयलर फुटला. आठ कर्मचारी गेले. अमेरिकी तपासणीत धातूला गेलेले तडे आणि बॉयलर चालवण्या-राखण्यातली ढिलाई यांवर बोट ठेवलं गेलं. चाळीस वर्षांची वाफेची बोट चालवण्याची खरी किंमत त्या सकाळी दिसली, आणि ती इंजिनखोलीतल्या माणसांनी मोजली. या घटनेचा उल्लेख करून पुढे जाणं सोपं आहे. पुस्तकाने तसं केलेलं नाही, हे त्याचं मोठं बळ आहे.

मराठी वाचकाचा या बोटींशी संबंध दोन टोकांनी येतो. पहिलं टोक कामाचं. पी अँड ओ कंपनीच्या बोटींवर पिढ्यानपिढ्या जेवणघरात आणि केबिनांत गोव्याचे ख्रिस्ती स्टुअर्ड असत, डेकवर पश्चिम किनाऱ्यावरचे खलाशी, त्यांच्यावर टंडेल आणि सारंग, आणि त्यांच्या चुलीवर भंडारी. मुंबईत धोबीतलावच्या आसपास गावोगावच्या गोवेकरांचे कूड, म्हणजे सामायिक वसतिगृहं, होते. दोन बोटींमधले दिवस तिथे ट्रंकेवर बसून काढायचे. १९६१ ची 'कॅनबेरा' ऑस्ट्रेलियाच्या स्थलांतरितांसाठी बांधलेली. सत्तरच्या दशकात ती भंगारात जाता जाता वाचली आणि साउदॅम्प्टनहून सुटणारी लाडकी सहल-बोट झाली. तिच्या आदरातिथ्याची जी ख्याती होती तिच्यात गोवेकर स्टुअर्डांचा वाटा मोठा होता. लाइनर जाऊन क्रूझ आली तेव्हा काम बदललं: एकाच साहेबाची दोन-तीन आठवडे सेवा करण्याऐवजी दर आठवड्याला नवे चेहरे, आणि मिळकतीत टीपचा भाग वाढलेला. गोव्यातल्या आणि कोकणातल्या अनेक घरांचे चिरे या पैशांवर चढले. त्याबद्दल मराठीत सलग लेखन फार थोडं आहे.

दुसरं टोक मरणाचं. खंभातच्या आखातातली भरती इतकी मोठी की अजस्र जहाज तिच्यावर स्वार होऊन वाळूत चढतं आणि ओहोटीला कोरडं पडतं. म्हणून भावनगर जिल्ह्यात अलंग इथे १९८३ पासून जहाजं तोडली जातात. १९५३ पासून इटली–मुंबई–हाँगकाँग करणारी लॉइड त्रिएस्तिनोची 'व्हिक्टोरिया' पुढे 'अनास्तासिस' नावाचं धर्मादाय रुग्णालय-जहाज झाली आणि २००७ मध्ये अलंगलाच तुटली. 'मार्को पोलो' तिथे जानेवारी २०२१ मध्ये चढली. आणि 'फ्रान्स', म्हणजे 'नॉर्वे', शेवटच्या 'ब्लू लेडी' या नावाने ऑगस्ट २००६ मध्ये. तिच्या भिंतींमधल्या ॲस्बेस्टॉसवरून खटला सर्वोच्च न्यायालयात गेला. न्यायालयाने सप्टेंबर २००७ मध्ये तोडायला परवानगी दिली. 'ब्लू लेडी' अलंगला आली त्याच वर्षी, २००६ मध्ये, फ्रेंच विमानवाहू 'क्लेमांसो' तशाच वादानंतर फ्रान्सला परत बोलावली गेली होती. पॅरिसमध्ये 'फ्रान्स'चं नाकाचं टोक लिलावात विकलं गेलं तेव्हा तिच्याबद्दल पुष्कळ हळहळ छापून आली. ते टोक कापणाऱ्या हातांबद्दल त्यात फारसं काही नव्हतं.

या विषयावरच्या लेखनाचेही प्रवाह आहेत. सर्वांत मोठा प्रवाह बोटींवर जीव असलेल्यांचा. जॉन मॅक्स्टन-ग्रॅहमचं 'दि ओन्ली वे टु क्रॉस' (१९७२) आणि क्रूझवरचं 'लाइनर्स टु द सन' (१९८५) ही त्यातली उत्तम पुस्तकं; विल्यम मिलरने तर डझनावारी सचित्र ग्रंथ दिले. त्यांच्यावाचून या बोटींची चित्रं आणि तपशील हरवले असते. दुसरा प्रवाह उद्योगाचा आणि नकाशाचा. तिसरा श्रमाचा: रोझिना विस्रम यांनी १९८६ मध्ये ब्रिटनमधल्या आया आणि लस्कर (खलाशी) यांचा इतिहास लिहिला आणि भारतीय खलाशी मुख्य पात्र होऊ शकतो हे दाखवलं. चौथा पर्यावरणाचा, अलंगभोवती वाढलेला. हे प्रवाह एकमेकांशी फारसे बोलत नाहीत. बोटीवर प्रेम करणारा अलंगपाशी डोळे मिटतो, अलंगवर लिहिणाऱ्याला बोटीचं पूर्वायुष्य अप्रस्तुत वाटतं.

हे पुस्तक आत्ताच का? एक तर कच्चा माल संपतो आहे. जळाऊ साहित्याला बंदी करणारे आंतरराष्ट्रीय अग्निसुरक्षेचे नियम ऑक्टोबर २०१० पासून पूर्णपणे लागू झाले आणि लाकडी पॅनेलांच्या बहुतेक जुन्या बोटी एका फटक्यात बाद झाल्या. उरलेल्या २०२० च्या साथीने संपवल्या. 'क्वीन मेरी' लाँग बीचला, 'क्वीन एलिझाबेथ २' दुबईत आणि 'रॉटरडॅम' आपल्याच नावाच्या शहरात हॉटेलं होऊन उभ्या आहेत. लाइनर म्हणून बांधलेली आणि अजून अटलांटिक ओलांडणारी 'क्वीन मेरी २' तेवढी राहिली, पण ती २००४ ची. दुसरं म्हणजे, त्या बोटींवर राबलेली माणसं आता सत्तरी-ऐंशीत आहेत. तिसरं, सुरक्षित जहाजतोडणीचा हाँगकाँग करार जून २०२५ मध्ये अमलात आला आणि त्याच सुमारास मुंबईत, जिथून एकेकाळी विलायतेची बोट सुटे त्या बॅलार्ड पियरवर, नवं क्रूझ टर्मिनल तयार झालं. क्रूझचा धंदा आपल्या दारात येतो आहे. तो कोणत्या श्रमावर आणि कोणत्या भंगारावर उभा राहिला, हे माहीत असलेलं बरं.

पुस्तकाने हाती घेतलेल्या बोटी मोजक्या आहेत, आणि प्रत्येकीकडे ते एकाच पद्धतीने पाहतं: आधी नकाशा, मग इंजिनखोली, मग स्वयंपाकघर आणि धुलाईखाना, मग हिशेबाची वही, शेवटी तोडणीचा यार्ड. उतारूंच्या आठवणी येतात, पण पुराव्याच्या जागी. मुख्य साक्ष कर्मचाऱ्यांची, चौकशी अहवालांची आणि न्यायालयीन कागदांची. तंत्राची माहिती नसलेल्या वाचकाला बॉयलर, टर्बाइन, थ्रस्टर हे सगळं जागच्या जागी समजावलं आहे. काही गोष्टी मुद्दाम वगळल्या आहेत. 'टायटॅनिक' इथे नाही, राजेरजवाड्यांचे प्रवास नाहीत, मेजवान्यांच्या याद्या नाहीत. चीन आणि जपानमधल्या रूपांतरांना दिलेली जागा मात्र अपुरी वाटते. तिथे स्वतंत्र काम व्हायला हवं.

क्रमाने वाचण्याची सक्ती नाही. ज्याला यंत्रांची ओढ आहे त्याने ब्रेमरहाफेनच्या गोदीपासून सुरुवात करावी, ज्याच्या घरात कोणी बोटीवर होतं त्याने 'कॅनबेरा'पासून. अलंगचा भाग मात्र कोणीही वगळू नये.